ध्वनीचा काळातील प्रवास

मध्यंतरी नववीच्या वर्गात एका विद्यार्थ्याने आम्हांस विचारले, "सर, आवाज कालच्या किंवा उद्याच्या दिवसात पाठविता येईल असे यंत्र कधी निघेल काय?" अशा यंत्राची एक काल्पनिक गोष्ट त्याच्या वाचनात आली होती. वर्गात हशा पिकला व आम्हीही त्यात सामील झालो, हे कबूल केले पाहिजे. परंतु सायंकाळी मालवणच्या किनाऱ्यावरून परतताना त्या प्रश्नाचे अर्धे उत्तर समोर उभे राहिले. दूर वाळूत ओढून ठेवलेल्या होडीच्या फळीवर एक कारागीर हातोडा मारीत होता. त्याचा हात पुन्हा वर जाई, तेव्हा कोठे आधीच्या घावाचा आवाज आमच्या कानी पडे.

ह्याचे कारण सोपे आहे. ध्वनी हवेतून सेकंदास सुमारे ३४० मीटर चालतो. तेवढ्या अंतरावरील घाव आपण ऐकतो तेव्हा तो एक सेकंद जुना झालेला असतो. तात्पर्य, प्रत्येक आवाज भूतकाळातूनच आपणांकडे येतो. मात्र हवेला स्मरणशक्ती नाही. तिच्यात उठलेला कंप क्षणार्धात विरून जातो. तो कशावर तरी उमटवून ठेवता आला, तरच त्याचा प्रवास लांबेल.

हे प्रथम साधले पॅरिस येथील लेऑं स्कॉट ह्या गृहस्थास. इ. स. १८५७ मध्ये त्याने एक यंत्र सिद्ध केले. बोलणाऱ्याच्या आवाजाने एक पातळ पडदा थरथरे व त्यास जोडलेला बारीक केस काजळी धरलेल्या कागदावर नागमोडी रेघ काढी. गंमत अशी की, ही रेघ पुन्हा ऐकावी हे त्याच्या मनातही नव्हते; ती डोळ्यांनी वाचता यावी एवढीच त्याची इच्छा. सन १८६० मध्ये त्याने एका फ्रेंच गीताची अशी रेघ काढून ठेविली. पुढे २००८ साली अमेरिकेतील संशोधकांनी संगणकाच्या साह्याने तीतून आवाज काढला. प्रथम तो एखाद्या मुलीचा वाटला. नंतर लक्षात आले की, गती दुप्पट धरली गेली होती. गाणारा पुरुष होता, आणि बहुधा तो स्कॉटच होता! १४८ वर्षांनी आलेला आवाज ओळखण्यातही अशी चूक होते.

१८७७ मध्ये एडिसनने कथलाच्या पातळ पत्र्यावर सुईने खाचा पाडल्या व त्या खाचांतून पुन्हा सुई फिरविली. पडदा पूर्वीप्रमाणेच थरथरला आणि यंत्र बोलू लागले. दहा वर्षांनी बर्लिनरने नळकांड्याऐवजी सपाट तबकडी आणली. तिच्या हव्या तितक्या प्रती काढता येत, म्हणून ग्रामोफोन घरोघर पोहोचला. १९०२ मध्ये गायिका गौहरजान ह्यांचे गाणे कलकत्त्यास मुद्रित झाले. त्या तबकड्यांत लाख वापरीत, व एका बाजूस जेमतेम तीन मिनिटांचे गाणे मावे.

आता आमच्या भागाशी निगडित एक गोष्ट. सर जॉर्ज ग्रिअर्सन ह्यांनी हिंदुस्थानातील भाषांची पाहणी केली, तेव्हा तुलनेसाठी प्रत्येक बोलीत एकच उतारा उतरवून घेतला. तो होता उधळ्या पुत्राचा दाखला. येथील लोकांच्या भावना जपण्यासाठी त्यातील काही शब्द मात्र बदलले. १९०५ साली प्रसिद्ध झालेल्या सातव्या खंडात आपली बोली 'कुडाळी' ह्या नावाने आली आहे. पुढे देशातील अनेक भाषा व बोली ग्रामोफोनवरही मुद्रित झाल्या. त्या तबकड्यांतील कित्येक आवाज आज संगणकावर ऐकता येतात.

आमची आजी हाच दाखला आम्हांस सांगे, तो पुस्तकी मराठीत नव्हे, मालवणीत. तिच्या तोंडी 'पिता' व 'पुत्र' नसत. 'बापूस' व 'झील' असत. बापूस दूरवरून झिलाला पाहतो तेथे ती किंचित थांबे. तिचे हे सांगणे मुद्रित करावे असे आम्ही दोन सुट्ट्या म्हणत राहिलो. यंत्र घरात होते, आजीही घरात होती. तिसऱ्या सुट्टीत फक्त यंत्र होते. तिचे शब्द आम्ही आजही लिहून देऊ शकू. ते थांबणे कसे लिहावे?

ह्याउलट नशीब केसरबाई केरकर ह्यांच्या आवाजाचे. शेजारच्या गोव्यातील केरी गावी जन्मलेल्या ह्या थोर गायिकेस ध्वनिमुद्रणाची फारशी हौस नव्हती. तरीही त्यांची भैरवीतील 'जात कहाँ हो' ही चीज १९७७ मध्ये अमेरिकेच्या दोन व्हॉयेजर यानांवरील सोन्याचा मुलामा दिलेल्या तांब्याच्या तबकड्यांत निवडली गेली. त्याच तबकडीवर ५५ भाषांतील अभिवादने आहेत व त्यांत आपली मराठीही आहे. तबकडी कशी वाजवावी ह्याच्या आकृत्या तिच्या वेष्टणावर कोरल्या आहेत. व्हॉयेजर १ हे यान ५ सप्टेंबरास निघाले; १६ सप्टेंबरास केसरबाई निवर्तल्या. आज ती दोन्ही याने सूर्याच्या वाऱ्याच्या कक्षेबाहेर गेली आहेत. ऐकणारा कोणी भेटेल की नाही, हे कोण सांगणार?

तेव्हा त्या विद्यार्थ्यास आम्ही सांगितले की, उद्याच्या दिवसात आवाज पाठविण्याचे यंत्र निघून दीडशे वर्षे होत आली. कालच्या दिवसात पाठविण्याचे मात्र निघाले नाही, आणि निघेल असे मानण्यास आम्हांस काही आधार दिसत नाही. आम्ही आजीस ऐकू शकलो असतो. ती आम्हांस ऐकू शकली नसती.

पुढच्या सोमवारी तो आपल्या वडिलांचा मोबाईल परवानगीने घेऊन आला. त्यात त्याचा आजोबा रापण ओढण्याविषयी बोलत होता. मागे कोंबडा आरवत होता. चार वाक्यांनंतर म्हातारा हसला आणि म्हणाला, "अरे, पण ह्यां ऐकतलो कोण?"