मातीतील विष आणि विजेचा उपाय

चिकणमातीतून पाणी काढणे किती कष्टाचे असते, हे काळ्या जमिनीत पाया खणणाऱ्याला सांगावे लागत नाही. वाळूतील पाणी पंप लावताच धावत येते. चिकणमातीतले जागचे हलत नाही. वाळूच्या तुलनेत चिकणमातीत पाणी झिरपण्याचा वेग लाखो पटींनी कमी असतो. पायाच्या खड्ड्यापुरती ही केवळ गैरसोय ठरते. परंतु त्याच मातीत शिसे, कॅडमियम किंवा एखादे विषारी द्रावण मुरलेले असेल, तर ते धुऊन काढणे जवळजवळ अशक्य होते आणि ते वर्षानुवर्षे भूजलात उतरत राहते.

या हट्टी मातीला वश करण्याची युक्ती दोनशे वर्षांपूर्वीच सापडली होती. मॉस्को विद्यापीठातील प्राध्यापक फर्डिनांड रॉइस यांनी १८०९ साली ओल्या चिकणमातीतून वीज सोडली, तेव्हा मातीतील पाणी ऋणाग्राकडे सरकू लागले. या क्रियेला विद्युत्परासरण म्हणतात. तिचे मर्म असे, की चिकणमातीच्या सूक्ष्म कणांवर ऋण विद्युतभार असतो आणि त्यांच्याभोवतीच्या पाण्यात धन आयनांचा थर जमतो. वीज सुरू होताच हे आयन ऋणाग्राकडे ओढले जातात व आपल्याबरोबर पाणीही ओढून नेतात. दाबाने पाणी ढकलताना छिद्रांचा आकार निर्णायक असतो. विजेने ओढताना तो गौण ठरतो. म्हणूनच जेथे पंप हरतो तेथे वीज उपयोगी पडते.

या तत्त्वाला प्रयोगशाळेतून बांधकामाच्या जागी आणले ते लिओ कॅसाग्रांडे या अभियंत्याने. जर्मनीत झाल्झगिटर येथे १९३९ साली रेल्वेमार्गासाठी खोदकाम करताना ओली, बारीक माती सारखी ढासळत होती. जमिनीत विद्युताग्रे रोवून पाण्याचा ओघ उताराच्या पृष्ठभागापासून आत वळवण्यात आला आणि उतार स्थिरावला. दुसऱ्या महायुद्धात नॉर्वेतील ट्रॉनहाइम येथे पाणबुड्यांच्या तळासाठी खोदतानाही हीच पद्धत वापरण्यात आली.

प्रदूषित जमीन शुद्ध करण्यासाठी या पद्धतीचा विचार गंभीरपणे सुरू झाला तो १९८० नंतरच्या दशकात. नेदरलँड्समध्ये जड धातूंनी दूषित झालेल्या जमिनींवर त्या सुमारास प्रत्यक्ष प्रयोग झाले. धन भाराचे धातू-आयन वीज सुरू होताच ऋणाग्राकडे निघतात. शिवाय धनाग्रापाशी आम्ल तयार होते आणि ते मातीला चिकटलेले धातू सैल करते. उलट ऋणाग्रापाशी अल्क तयार होऊन धातूंचा साका वाटेतच बसू शकतो. म्हणून तेथील आम्लतेवर सतत लक्ष ठेवावे लागते.

अमेरिकेच्या केंटकी राज्यातील पडूका येथील उदाहरण बोलके आहे. तेथील सरकारी युरेनियम समृद्धीकरण कारखाना १९५२ पासून २०१३ पर्यंत चालू होता. धातूच्या सुट्या भागांवरील वंगण काढण्यासाठी वापरलेले ट्रायक्लोरोएथिलीन तेथील चिकणमातीत मुरले. शासकीय संस्था आणि काही मोठ्या रसायन कंपन्या यांनी मिळून तेथे १९९५ साली प्रयोग केला. जमिनीत शोषक कार्बनचे उभे थर घालून, दूषित पाणी विजेच्या साह्याने त्यांतून ओढण्यात आले. एकावर एक थर रचलेल्या इटालियन पदार्थावरून या पद्धतीचे नाव ‘लझान्या’ पडले. सुमारे १२० दिवसांत प्रयोगाच्या पट्ट्यातील ९८ टक्क्यांहून अधिक विष निघून गेले. पुढे कार्बनऐवजी लोखंडाचा कीस वापरून त्या द्रव्याचे जागच्या जागी विघटनही करण्यात आले.

तथापि या यशाने हुरळून जाणे इष्ट नव्हे. पिसाचा कलता मनोरा सावरण्यासाठीही विद्युत्परासरणाच्या चाचण्या झाल्या होत्या. त्या समाधानकारक न ठरल्याने अखेर पायाखालची माती थोडी थोडी काढून मनोरा सावरण्यात आला. क्षारांनी भरलेल्या मातीत बरीचशी वीज पाणी न हलवता वाया जाते. दुसरे असे, की विजेने धातू नाहीसे होत नाहीत, केवळ एका जागी गोळा होतात. त्यांची विल्हेवाट लावण्याचे काम उरतेच. काही क्षणांत सांडलेले द्रव्य काढण्यास महिनोन्महिने वीज, विद्युताग्रे आणि कुशल माणसे लागतात. हा खर्च कोणी करायचा, हा खरा प्रश्न आहे.

राजस्थानातील बिछडी गावात रासायनिक कारखान्यांच्या गाळाने जमीन व विहिरी नासल्या, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने १९९६ च्या निकालात, प्रदूषण करणाऱ्यानेच जमीन पूर्ववत करण्याचा खर्च सोसावा, असे स्पष्ट बजावले. तत्त्व निर्विवाद आहे. परंतु ज्याच्या विहिरीचे पाणी नासले त्या शेतकऱ्याला निकालाने लगेच पाणी मिळत नाही, आणि यंत्रानेही नाही.

विज्ञानाने चिकणमातीची गाठ सोडवून दाखवली, याचे कौतुक अवश्य व्हावे. मात्र ‘आज सांडले तर उद्या काढता येईल’ अशी मुभा म्हणून कोणी त्याकडे पाहू नये. कारखान्याच्या कुंपणाआड न सांडलेले विष हेच सर्वांत स्वस्तात काढलेले विष होय.