जामीनदाराच्या सातबाऱ्यावर दारू दुकानाची थकबाकी

तहसील कचेरीतून सक्तीच्या वसुलीची नोटीस आली, म्हणजे ती शेतसाऱ्याचीच असेल असे नाही. दारू दुकानाची थकलेली परवाना फी किंवा भरायचे राहिलेले उत्पादन शुल्कही जमीन महसुलाच्या थकबाकीसारखेच वसूल करता येते. 1949 च्या मुंबई, आताच्या महाराष्ट्र दारूबंदी अधिनियमात तशी तरतूदच आहे, आणि ती परवानाधारकावर थांबत नाही; त्याच्या जामीनदारालाही गाठते. मग 1966 च्या जमीन महसूल अधिनियमातली यंत्रणा सुरू होते. आधी मागणीची नोटीस, नंतर जंगम मालाची जप्ती, शेताचा किंवा घराचा लिलाव, प्रसंगी अटक. एरवी येणे वसूल करायला दिवाणी दावा लावून हुकूमनामा मिळवावा लागतो. सरकारला त्याची गरज पडत नाही.

नांदेड-लातूर भागाला ही वसुली पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. निजामाच्या राज्यात 1316 फसलीचा आबकारी कायदा होता आणि शिंदी-दारूचे गुत्ते लिलावाने दिले जात. आबकारीवर निजामाची तिजोरी किती अवलंबून आहे हे जाणूनच 1947-48 च्या मुक्तिसंग्रामात कार्यकर्त्यांनी गावोगावी शिंदीची झाडे तोडली. 1956 मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला, 1959 मध्ये मुंबईचा दारूबंदी कायदा इथे लागू झाला आणि 1973 मध्ये देशी दारूचे नवे नियम आले. कायदे बदलले, पण पैसे थकले की भांडण कोर्टात जाते, हे बदलले नाही.

गुत्तेदाराचे म्हणणे बहुधा ठरलेले असते. बोली चढत गेली, धंदा बसला, शेजारी चोरटी दारू विकली गेली. आता एवढी रक्कम कशी भरायची? पंजाबातल्या परवानाधारकांचा असाच वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. हरशंकर खटल्याचा 1975 चा निकाल पुण्यात जन्मलेले न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड यांनी लिहिला. दारूचा व्यापार हा कुणाचा मूलभूत हक्क नाही आणि डोळे उघडे ठेवून बोली लावणाऱ्याला नफा आपला, तोटा सरकारचा असे म्हणता येणार नाही, हे त्यात स्पष्ट झाले. तेव्हापासून थकबाकीच्या वादात सरकारी वकिलांचा हा हुकमी आधार आहे.

तरीही सरकारची प्रत्येक मागणी टिकतेच असे नाही. 1970 मध्ये मध्य प्रदेशातल्या बिमलचंद्र बॅनर्जी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की ठेकेदाराने जी दारू उचललीच नाही, तिच्यावर कायद्यात अधिकार नसताना उत्पादन शुल्क घेता येणार नाही. पाचच वर्षांनी राजस्थानच्या पन्नालाल खटल्यात ठेकेदारांनी हाच मुद्दा मांडला आणि ते हरले. तिथली रक्कम शुल्काची नव्हती. विक्रीचा एकाधिकार मिळावा म्हणून कबूल केलेली ती किंमत होती. म्हणून थकबाकीच्या वादात पहिला प्रश्न रक्कम किती हा नसून ती कशाची, हा असतो.

सगळ्यात महत्त्वाचा वाटतो तो 1987 चा कर्नाटकातल्या रामेश्वरा राइस मिल्सचा निकाल. तो खटला दारूचा नव्हता, करारभंगाच्या भरपाईचा होता. करार मोडला की नाही हेच वादात असेल, तर ते सरकारने स्वतःच ठरवायचे आणि भरपाईचा आकडा लिहून महसुलासारखी वसुली करायची, हे चालणार नाही, असे न्यायालय म्हणाले. दारूच्या दुकानांनाही हे तत्त्व लागू व्हायला हवे. मान्य केलेली फी वेगळी आणि परवाना रद्द करून झालेल्या फेरलिलावातली तूट वेगळी. परवाना देणारे जिल्हाधिकारी आणि वसुली करणारे जिल्हाधिकारी एकाच कार्यालयात बसतात. म्हणून आकडा ठरण्याआधी समोरच्याचे ऐकून घेणे हा उपचार नव्हे, तेच त्याचे एकमेव संरक्षण आहे.

1981 पर्यंत नांदेड-लातूरच्या पक्षकाराला उच्च न्यायालयासाठी लांब जावे लागे. त्या वर्षी ऑगस्टमध्ये औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला, खंडपीठ सुरू झाले. तिथे वसुलीला स्थगिती मागितली, की आधी काही रक्कम भरा, अशी अट पुष्कळदा पडते. गुत्तेदाराकडे ती असतेही. ज्याने नात्यापोटी सही केली त्या शेतकऱ्याकडे ती नसते, आणि कायद्याने त्याची जबाबदारी मूळ देणेकऱ्याइतकीच धरली जाते. त्याने रक्कम भरली तर ती मूळ परवानाधारकाकडून वसूल करण्याचा हक्क त्याला मिळतो, पण त्यासाठी त्याला स्वतः दावा लावावा लागतो.

सरकारी दाव्याची मुदत साधारण तीस वर्षांची. त्यामुळे कधी कधी नोटीस घरी येते तेव्हा सही करणारा हयातच नसतो. वारसांची जबाबदारी त्यांच्या वाट्याला आलेल्या मालमत्तेपुरतीच असते. त्यांनी पहिल्यांदा राज्य उत्पादन शुल्क अधीक्षकांकडे तीन कागद मागावेत: मूळ जामीनपत्र, हप्त्यांचा वर्षवार हिशेब आणि रक्कम निश्चित करणारा आदेश.