चांद्याच्या आईचं देणं

चैत्राचा शुद्ध पक्ष सुरू झाला की चंद्रपूरच्या रेल्वे स्टेशनवर आणि एसटी स्टँडवर मराठवाडी बोली कानावर पडू लागते. नांदेड, परभणी, हिंगोलीकडची माणसं. डोक्यावर बोचकं, कडेवर पोर, हातात पितळी तांब्या, एखाद्याच्या खांद्यावर डफ. घरातली म्हातारी पुढे असते, कारण वाट तिला ठाऊक. नांदेडहून किनवट, आदिलाबाद, वणी करत येणारा रेल्वेमार्ग या दिवसांत यात्रेकरूंनी भरून वाहतो. बाकीचे एसटीने, टेम्पोने, ट्रॅक्टरने येतात. तेलंगणातूनही येतात. जुनी माणसं अजून चंद्रपूर म्हणत नाहीत. ती ‘चांद्याच्या यात्रेला’ निघालेली असतात. चांदा जिल्ह्याचं नाव १९६४ साली चंद्रपूर झालं, १९८२ साली त्यातूनच गडचिरोली वेगळा जिल्हा निघाला. पण नवसाच्या हिशेबात गावाचं नाव चांदाच राहिलं.

देवी महाकाली. तिचं मंदिर जुन्या शहराच्या परकोटाबाहेर, अंचलेश्वर दरवाजापासून थोड्याच अंतरावर आहे आणि जवळून झरपट नदी वाहते. चैत्र पौर्णिमेला यात्रेचा कळस असतो. त्याच्या आधीपासून मंदिराभोवतीच्या मोकळ्या जागांवर चुली मांडल्या जातात. चंद्रपूरचा उन्हाळा महाराष्ट्रात सर्वांत कडक मानला जातो, पारा पंचेचाळीसच्या पुढे जाणं इथे नवं नाही. आणि यात्रा नेमकी त्या दिशेने चढणाऱ्या उन्हात असते. सावलीला चादर बांधायची, तिच्या चार टोकांना चार दगड लावायचे, आणि झालं घर. तीन दगडांची चूल, वाटेत गोळा केलेल्या काटक्या, आणि त्या चुलीवर पुरण शिजतं. घरच्या गॅसवर जो स्वयंपाक तासाभरात होईल तो इथे अर्धा दिवस घेतो. धुरानं डोळे चुरचुरत असतात आणि पाटा नसेल तर डाळ तांब्याच्या बुडानेही घोटली जाते. नैवेद्य मात्र पुरणाचाच.

अशी यात्रा पाहताना बाहेरच्या माणसाला वाटतं की ही सगळी काहीतरी मागायला आलेली माणसं. तसं नाही. यातली बरीच माणसं फेडायला आलेली असतात. मागणं केव्हाच झालेलं असतं, बहुतेकदा घरीच: देव्हाऱ्यापुढे, शेताच्या बांधावर, किंवा दवाखान्याच्या व्हरांड्यात. पोर तापानं फणफणलं, लेकीचं लग्न जमेना, म्हैस उठेना, मूल होईना, मुलाला नोकरी लागेना. ‘आई, एवढं पार पाड, तुझ्या पायाशी आणीन’ असं कुणीतरी मनाशी बोललेलं असतं. काम झालं की ते बोलणं कर्जासारखं डोक्यावर बसतं. काम होईपर्यंत देवी बांधलेली, काम झाल्यावर माणूस बांधलेला. नवस फेडायचा राहिला तर काय होईल, हे कुणी मोठ्यानं सांगत नाही. पण पुढच्या वर्षी घरात काही बिघडलं की म्हातारी आधी तेच विचारते, ‘चांद्याचं राहिलं का रे?’

फेडण्याचे प्रकार ज्याच्या त्याच्या बोलण्याप्रमाणे. कुणी मुलाचं जावळ इथे काढतं. कुणी पाच वर्षं सलग येईन असं बोललेलं असतं. कुणी नदीपासून देवळापर्यंत लोटांगण घालतं. अंगावरचं लुगडं ओलंच असतं, आणि सोबतच्या बायका पुढच्या तापलेल्या रस्त्यावर तांब्यानं पाणी शिंपडत जातात. सगळ्यांत साधी आणि सगळ्यांत जास्त होणारी गोष्ट म्हणजे ओटी. हिरवा खण, नारळ, तांदूळ, हळकुंड, सुपारी. खण घरून आणलेला, कारण तो बाजारातून घाईत घ्यायचा नसतो. नारळाला हळदीकुंकवाची बोटं लावायची, शेंडी देवीकडे ठेवायची. रांगेत तासन्‌तास उभं राहताना ही ओटी पदराच्या घोळात धरलेली असते आणि एका हातानं पोराला आवरताना दुसरा हात तिच्यावरून निघत नाही. दर्शनाला मिळतात ते काही क्षणच. पण त्या बाईच्या दृष्टीने दर्शन हा गौण भाग आहे. तिनं ओटी भरली, तिचं देणं उतरलं.

देवळात दर्शनाची एक वाट भुयारातून जाते. जमिनीच्या पातळीखाली, अरुंद, आणि वाकल्याशिवाय पुढे सरकता येत नाही. बाहेर पस्तीस-चाळीस माणसांचा एक गट डफावर आईची गाणी म्हणत असतो, कवड्यांच्या माळा घातलेले आराधी आणि पोतराज त्यात मिसळलेले असतात. आत आवाज दाबला जातो, कापराचा आणि फुलांचा वास दाट होतो, पुढच्या माणसाची पाठ एवढंच दिसतं. उंच शिखराच्या देवळात माणूस मान वर करून जातो. इथे गावचा पाटील असो की सालगडी, दोघांची पाठ सारखीच वाकते. मला या देवळाची हीच रचना सर्वांत बोलकी वाटते.

या जागेचं मोठेपण पाण्यापासून सुरू होतं. गोंड राजा खांडक्या बल्लाळशाह याच्या अंगावर गाठी आणि फोड होते, अशी कथा आहे. बल्लारपूरहून शिकारीला निघालेला राजा तहानेनं झरपटीच्या कोरड्या पात्रात आला. खडकातल्या एका खळगीत पाणी दिसलं, त्यानं ते प्यायलं, हातपाय तोंड धुतलं, आणि त्या रात्री त्याला कित्येक वर्षांनी गाढ झोप लागली. सकाळी राणीनं पाहिलं तर जिथे जिथे पाणी लागलं तिथली कातडी सुधारलेली. वाळू उकरली तेव्हा खडकात गाईच्या खुरांसारखे पाच ठसे निघाले, पाण्यानं भरलेले. तिथे अंचलेश्वराचं देऊळ झालं. पुढे एका सशानं राजाच्या कुत्र्याला पळवलं, त्या पळापळीच्या वाटेवर परकोट उभा राहिला आणि शहर वसलं. ब्रिटिश काळात चांद्याची जमाबंदी करणाऱ्या मेजर लुसी स्मिथनं या गोंड राजांच्या कथा आपल्या १८६९च्या अहवालात नोंदवल्या. चंद्रपूरचा पाया एका आजारी माणसाला मिळालेल्या उताऱ्यावर घातलेला आहे, ही कल्पना या शहराला शोभते.

महाकालीचं जुनं ठाणं आधीपासून होतं. आजचं देऊळ राणी हिराईनं बांधलं असं मानतात. गोंड राजा बीरशाहाची ही राणी. नवऱ्याचा खून झाल्यावर १८व्या शतकाच्या सुरुवातीला तिनं दत्तक मुलगा रामशाह याच्या नावानं राज्य चालवलं आणि अंचलेश्वराजवळ नवऱ्याची देखणी समाधी उभारली. देवळाशी एक उग्र कथाही जोडलेली आहे. बीरशाहाच्या मुलीचा देवगडच्या तिच्या नवऱ्यानं, दुर्गपालानं, अपमान केला. बीरशाहानं चालून जाऊन त्याचं शीर कापलं आणि महाकालीला वाहिलं. देवळावर देवगडच्या दिशेनं तोंड केलेलं दगडी मुंडकं त्याचीच खूण, असं सांगतात. म्हणजे राजाचाही नवस, आणि राजानंही तो फेडला. १७५१ मध्ये राज्य नागपूरकर भोसल्यांकडे गेलं, पुढे इंग्रज आले. मराठवाडा तेव्हा निजामाकडे होता. यात्रेकरू एका राज्यातून दुसऱ्या राज्यात, वर्धा आणि पैनगंगेच्या या खोऱ्यांतून पायी आणि बैलगाडीनं येत राहिले. त्यांच्या स्वतःच्या नांदेड जिल्ह्यात माहूरची रेणुका आहे, तरी ते इतक्या लांब येतात. माहेर जवळ असलं तरी मावशीकडे जायचं राहत नाही, तसं हे नातं आहे.

मागणं आणि फेडणं हे फक्त इथलंच नाही. जपानमध्ये नव्या वर्षाच्या पहिल्या दिवसांत देवळांत जाण्याची अशीच मोठी रीत आहे. तोक्योच्या मेइजी मंदिरात त्या दोन-तीन दिवसांत लाखो लोक रांगेत उभे राहतात. दाराशी हात आणि तोंड पाण्यानं धुतात, पेटीत नाणं टाकतात, टाळी वाजवून मागणं मागतात. लाकडी पाटीवर इच्छा लिहून ती टांगतात. आणि इच्छा पुरी झाली की आभार मानायला त्याच देवळात परत जायचं, याची वेगळी प्रथा तिथेही आहे. दारुमा नावाची लाल, गोल, हातपाय नसलेली बाहुली मिळते. तिचे दोन्ही डोळे कोरे असतात. मागताना एक डोळा रंगवायचा. काम झालं की दुसरा. तोवर ती एका डोळ्यानं घरातल्या माणसांकडे पाहत फळीवर बसते. वर्ष संपल्यावर बाहुली देवळात परत नेऊन अग्नीच्या स्वाधीन करतात. मराठवाड्यातल्या आजीला हे समजावून सांगायला दोन वाक्यं पुरतील.

घेतलेलं परत द्यायचं, हा कायदा या जंगलाच्या मुलखात महाकालीपेक्षाही जुना असावा. चंद्रपूरच्या उत्तरेला ताडोबा. १९५५ साली राष्ट्रीय उद्यान आणि १९९५ साली व्याघ्रप्रकल्प झालेलं हे जंगल जगाला वाघांमुळे माहीत आहे. पण त्याचं नाव तारू या देवावरून आलं. तारू हा वाघाशी झुंजताना मेलेला गोंड गावप्रमुख, आणि तिथल्या तलावाकाठी मोठ्या झाडाखाली त्याचं ठाणं आहे. पौषात तिथे गोंडांची जत्रा भरत आली आहे. तलावाबद्दलची एक कथा इंग्रजांच्या १८७०च्या गॅझेटियरनंही टिपली. यात्रेकरूंना स्वयंपाकाला भांडी हवी असली की तलावाला सांगायचं, भांडी वर यायची. काम झालं की घासून, धुऊन पाण्यात सोडायची. एकदा एकानं ती घरी नेली. घरात ती नाहीशी झाली आणि त्या दिवसापासून तलावानं काही दिलं नाही. आज हे ठाणं व्याघ्रप्रकल्पाच्या गाभ्यात आहे आणि तिथे जाणं वनखात्याच्या नियमांत बसवावं लागतं. जंगल राखायला नियम हवेतच. पण ज्याच्या नावानं जंगल ओळखलं जातं त्या देवाला त्याची माणसं भेटू शकली पाहिजेत, असं मला मनापासून वाटतं.

वैनगंगेपलीकडे, गडचिरोली जिल्ह्याच्या चामोर्शी तालुक्यात मार्कंडा हे देवस्थान आहे. सोळाव्या वर्षी मरण लिहिलेल्या मार्कंडेयानं शिवलिंगाला मिठी मारली आणि यमाला परतवलं, ही त्याची कथा. आयुष्य मागायला याहून योग्य जागा कुठली? दक्षिणेकडे जाणारी नदी इथे वळून उत्तरवाहिनी होते. पुरातत्त्वज्ञ कनिंगहॅम १८७३-७४च्या फेरीत इथे आला आणि इथल्या मंदिरांवरच्या शिल्पांनी त्याला खजुराहोची आठवण झाली. महाशिवरात्रीला इथली जत्रा मोठी असते. मुख्य मंदिराची दुरुस्ती वर्षानुवर्षं रेंगाळली, त्याचं दुःख भाविकांइतकंच अभ्यासकांनाही आहे.

आणखी आत, एटापल्ली-भामरागडकडे, माडिया गोंडांच्या गावांत मागणं एकट्याचं नसतंच. पेरणीआधी बीजपंडुम, म्हणजे बियाण्याचा सण, होतो. घराघरातलं बियाणं गावदेवापुढे एकत्र येतं, गायता, म्हणजे गावचा पुजारी, पूजा करतो, आणि ते बी घेऊन प्रत्येक जण शेतात जातो. नवा आंबासुद्धा पंडुम झाल्याशिवाय तोडायचा नाही. जानेवारीत सूरजागडच्या डोंगरावर ठाकूरदेवाची यात्रा भरते, त्या इलाक्यातली ७० गावं तिला आपली मानतात. त्याच डोंगरात लोहखनिज आहे आणि त्याच्या खाणीला गावांनी या देवाचं नाव घेऊन विरोध केला. ज्या डोंगराकडे पीकपाणी मागायचं तो डोंगरच उचलला जात असेल तर मागायचं कुणाकडे, हा त्यांचा सवाल आहे, आणि त्याला भाबडेपणा म्हणून बाजूला सारता येणार नाही.

चंद्रपुरात हाच सवाल झरपटीचा आहे. यात्रेकरूची पूजा नदीत सुरू होते. आधी स्नान, मग ओल्या कपड्यांनी देऊळ. ज्या पात्रातल्या पाण्यानं राजा बरा झाला त्याच पात्रात आज शहराचं सांडपाणी येतं आणि इकॉर्निया या जलपर्णीचा हिरवा थर इतका जाड होतो की खाली पाणी आहे हे कळत नाही. यात्रेआधी तो काढला जातो, नळ आणि शॉवर लावले जातात, काही दिवस नदी दिसते. यात्रा उठली की थर परत चढतो. शहराला हे जमणार नाही असं नाही. इको-प्रो या संस्थेच्या कार्यकर्त्यांनी २०१७ पासून परकोटाच्या बुरुजांवरची झाडंझुडपं आणि कचरा स्वतःच्या हातांनी काढला, आणि कित्येक पिढ्यांत न दिसलेली भिंत लोकांना चालत जाता येईल इतकी मोकळी केली. तीच चिकाटी नदीला बाराही महिने मिळायला हवी. लांबून आलेली बाई आपलं देणं फेडायला त्या पाण्यात उतरते. तिच्या अंगाला खाज सुटू नये इतकं देणं तर आपल्या शहराकडे लागतंच.

पौर्णिमा झाली की चुली विझायला लागतात. मराठवाड्यात नांगरट, वखरणी वाट पाहत असते. मृगाआधी रान तयार व्हायला हवं. उरलेलं पुरण शेजारच्या चुलीवर वाटलं जातं, प्रसादाचं कुंकू पुड्यांत बांधलं जातं, यात्रेला न आलेल्यांसाठी बांगड्या घेतल्या जातात. एकमेकांना न ओळखणारी दोन कुटुंबं आठ दिवस एकाच चादरीच्या सावलीत राहिलेली असतात, आणि निघताना पुढल्या चैत्रात कुठल्या झाडाखाली उतरायचं ते ठरवून घेतात.