एका हातावर तीन वयं

एकांकिकेतला आजार जगात कुठेच नाही. प्रयोगशाळेत काळाचा प्रवाह बिघडतो आणि तिथे काम करणाऱ्या तंत्रज्ञाच्या कातडीवर त्याचे पट्टे उमटतात. एक पट्टा नव्वदीतला, शेजारचा तान्ह्या बाळाचा आणि तिसरा त्याच्या खऱ्या वयाचा, तिशीतला. संहितेत याला दोनच ओळी आहेत. त्या ओळी नटाच्या हातावर कशा उतरतात, ते मी रंगपटात बसून पाहिलं.

मेकअपदादांनी रंगाच्या पेटीला आधी हातच लावला नाही. नटाला बाही दंडापर्यंत वर करायला लावली आणि दंडाची आतली बाजू नि मनगटाची बाहेरची बाजू दिव्याखाली धरून दाखवली. कपड्याखाली राहिलेली कातडी मऊ नि उजळ, उन्हात राहिलेली राठ नि काळवंडलेली. मग त्यांनी फोनवर एक छायाचित्र उघडलं. ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये २०१२ साली ते छापून आलं होतं. ६९ वर्षांचा हा माणूस २८ वर्षं मालाचा ट्रक चालवत होता. खिडकीच्या काचेतून येणाऱ्या अतिनील किरणांनी त्याच्या चेहऱ्याची डावी बाजू जाड आणि खोल सुरकुत्यांची झाली होती. उजवी बाजू मात्र कितीतरी तरुण दिसत होती.

‘‘काळ अंगावरून सारखा फिरतच नाही, बघा,’’ दादा म्हणाले. ‘‘आपण तो थोडा जास्त बिघडवायचा, एवढंच.’’

पट्टे कुठून कुठे न्यायचे, हा पुढचा प्रश्न. दिग्दर्शिकेच्या मनात विजेसारख्या वेड्यावाकड्या रेघा होत्या. पण कातडीच्या स्वतःच्या वाटा असतात. जर्मन त्वचारोगतज्ज्ञ आल्फ्रेड ब्लाश्को यांनी १९०१ साली रुग्णांच्या अंगावरचे पट्टे टिपून त्यांचा नकाशा मांडला. गर्भावस्थेत त्वचेच्या पेशी ज्या दिशांनी सरकत वाढतात, त्या या रेषा. पाठीवर त्या कण्याशी कोन करतात, हातापायांवर लांबीच्या दिशेने उतरतात. एरवी त्या दिसत नाहीत, पण काही त्वचाविकार नेमके त्यांच्यावरूनच जातात. ओळखीच्या एका त्वचारोगतज्ज्ञ बाईंनी हा नकाशा दादांना दिला होता. त्याबरहुकूम त्यांनी भुवईच्या पेन्सिलीने कोपरापासून बोटांपर्यंत तीन पट्टे आखले. प्रेक्षकाला ब्लाश्को ठाऊक नसतो, पण हे पट्टे शरीराच्या घडणीतून आल्यासारखे वाटतात आणि त्याची नजर अडखळत नाही.

मग लॅटेक्सची बाटली उघडली आणि अमोनियाचा उग्र दर्प खोलीभर पसरला. लॅटेक्सची काहींना ॲलर्जी असते, म्हणून आदल्या दिवशीच हातावर एक थेंब लावून पाहिला होता. एका सहाय्यकाने म्हाताऱ्या पट्ट्यावरची कातडी दोन्ही बाजूंनी ताणून धरली. दादांनी स्पंजने पातळ लॅटेक्स टिपलं, तशाच ताणलेल्या अवस्थेत हेअरड्रायरने वाळवलं, वर पावडर मारली आणि सोडायला सांगितलं. कातडी जागेवर आली तशी दुधावरची साय सरकावी तशा बारीक सुरकुत्या पडल्या. पुढच्या थराआधी टिश्यू पेपर चिकटवल्यावर त्या आणखी खोल झाल्या.

रंगाचं काम सर्वांत सावकाश चाललं. ‘‘आपली सावळी कातडी आधी रंगाने म्हातारी होते, सुरकुत्या नंतर,’’ असं सांगत त्यांनी बोटांच्या पेरांवर काळपट छटा दिली, शिरांवर हिरवट निळी रेघ ओढली आणि टूथब्रशने तपकिरी ठिपके उडवले. बाळाचा पट्टा जास्त अवघड निघाला, कारण तिथे काही चढवायचं नव्हतं, लपवायचं होतं. केस काढून, खाचा भरून, अगदी पातळ गुलाबी हात फिरवला. खरं कसब लागलं ते दोन पट्ट्यांच्या सीमेवर. तिथे रेघ स्पष्ट आली की रंगवलेलं कळतं, म्हणून सुरकुत्या विरळ करत करत त्यांनी त्या बाळाच्या कातडीत जिरवल्या. शेवटी रंगमंचावर हात दिव्याखाली धरून पाहिला. पिवळ्या प्रकाशात गुलाबी छटा पार धुऊन निघाली होती, तेव्हा ती पुन्हा गडद केली.

या सगळ्यात मला सर्वांत मोलाचा वाटला तो दादांनी दिलेला एक नकार. पहिल्या आराखड्यात पांढरे डाग आणि कुष्ठरोगासारखी झडलेली बोटं होती. ‘‘कोड असलेली एखादी मुलगी प्रेक्षकांत बसलेली असेल. तिच्या कातडीची भीती मी विकणार नाही,’’ असं सांगून त्यांनी तो बाजूला ठेवला. ते बरोबरच होतं. कोड स्पर्शाने पसरत नाही. कुष्ठरोगावर जागतिक आरोग्य संघटनेने १९८२ पासून बहुविध औषधोपचार सुचवला, त्याने तो पूर्ण बरा होतो आणि सरकारी दवाखान्यात ही औषधं मोफत मिळतात. बाबा आमटे यांनी कुष्ठरुग्णांसाठी आनंदवन उभारलं त्याला पाऊणशे वर्षं झाली, तरी आपल्या पडद्यावर आणि रंगमंचावर डागाळलेली कातडी अजून पाप किंवा शाप म्हणूनच येते.

नाटक बसवणाऱ्या तरुण मंडळींना म्हणूनच सांगावंसं वाटतं: आजार खुशाल कल्पनेतला घ्या. त्याचे नियम खऱ्या त्वचेकडून शिका, त्यासाठी तज्ज्ञाला विचारा. पण प्रेक्षकाला घाबरवण्यासाठी कुणा खऱ्या रुग्णाचं रूप उसनं घेऊ नका.