समुद्रतळावरची सावड

शिरूर-दौंडकडच्या आपल्याला गांडूळ काही नवीन नाही. बचत गटातल्या कितीतरी जणींच्या गोठ्यामागे गांडूळ खताचा बेड आहे. आज आम्ही त्याच गांडुळाच्या एका लांबच्या भाऊबंदाची गोष्ट सांगणार आहोत. तो राहतो नॉर्वेजवळच्या खोल समुद्रात. त्याचं नाव युनिस नॉर्वेजिका.

अंगावर वळ्या गांडुळासारख्याच, पण दोन्ही कडांना राठ केस आणि तोंडात धारदार जबडे. त्याचं बिऱ्हाड असतं पोवळ्यात. पोवळं म्हणजे अंगठीतला खडा, असं आपण धरून चालतो. खरं तर ते इवल्या इवल्या प्राण्यांनी बांधलेलं चुन्याचं घर. दागिन्यातलं लाल पोवळं वेगळं. हे पांढरं, याला लोफेलिया म्हणतात.

उथळ पाण्यातल्या पोवळ्यांच्या अंगात शेवाळ असतं, ते उन्हावर अन्न करून देतं. तीनशे-चारशे मीटर खाली ऊन कुठलं? तिथे वाहत येईल तो घास पकडायचा. आणि आमचा हा किडा तोच घास पोवळ्याच्या तोंडातून पळवतो! आम्हाला आधी वाटलं, हा तर फुकट्या.

पण तसं नाही. किडा राहायला कागदासारखी पातळ नळी विणतो. पोवळं त्या नळीवर चुना चढवतं आणि सांगाडा जाड होतो. टाकीत ठेवून पाहिलं तेव्हा किडा पोवळ्यावरची घाण साफ करताना आणि त्याचे तुटके तुकडे ओढून एकत्र आणताना दिसला. 2013 साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात किडा सोबत असताना पोवळ्याने चौपटीपर्यंत जास्त चुना बांधला. किड्यालाही एकट्यापेक्षा जास्त खायला मिळालं. आपल्याकडे खुरपणीला सावड करतात ना, आज तुझ्या रानात, उद्या माझ्या, तसंच. फरक एवढाच, की इथे कुणी कुणाला बोलावलेलं नाही.

अशी हजारो वर्षं बांधणी झाली की त्याचा डोंगर होतो. नॉर्वेजवळच रोस्ट नावाचा असा डोंगर 2002 मध्ये सापडला, तो सुमारे 35 किलोमीटर लांब आहे. म्हणजे साधारण दौंडहून निघून पाटसच्याही बरंच पुढे जावं, तेवढा. त्याच्या फटींत मासे आसरा घेतात.

अशा पोवळ्यांवर ट्रॉलर यायचे. जड जाळं तळावरून ओढलं जायचं, नांगर फिरावा तसं. नांगरलेलं रान पुढच्या हंगामात उभं राहतं. पोवळं मात्र वर्षाला फार तर दोन-अडीच सेंटीमीटर वाढतं. नॉर्वेतल्या शास्त्रज्ञांच्या अंदाजाने तिथली 30 ते 50 टक्के पोवळ्यांची रानं अशी मोडली किंवा दुखावली. मासे कमी झाल्याची तक्रार आधी कोळ्यांनीच केली होती. 1999 मध्ये तिथल्या सरकारने सुला इथल्या पोवळ्यांवरून तळाचं जाळं ओढायला बंदी घातली.

आपल्याकडेही विजयदुर्गपासून सुमारे शंभर किलोमीटरवर, अरबी समुद्रात आंग्रिया बँक नावाचा पोवळ्यांचा बुडालेला पठारी भाग आहे. नाव कान्होजी आंग्र्यांचं. डिसेंबर 2019 मध्ये शास्त्रज्ञ तिथे बोटीने जाऊन पाहणी करून आले. त्याबद्दल पुढच्या भागात बोलू.