मळवलीच्या शेजारचा निर्माता

परवा वडिवळे धरणाच्या काठी ओळखीतला एक पोरगा भेटला. लघुपट काढतोय. कॅमेरा भाड्याचा, कलाकार म्हणजे मित्रमंडळी, जेवणाचे डबे आईचे. इफ्तारला अजून वेळ होता, म्हणून त्याच्याजवळ टेकलो.

"चाचा, पैसे कुणीच देत नाही हो," तो म्हणाला.

मी त्याला आपल्याच भागात राहून गेलेल्या माणसाची गोष्ट सांगितली.

कामशेतहून लोणावळ्याकडे निघालं की पुढचं स्टेशन मळवली. राजा रविवर्मा यांचा छापखाना तिथे होता. घराघरांत टांगलेल्या देवादिकांच्या तसबिरी तिथून छापून जात. या छापखान्याची कामं करत धुंडिराज गोविंद फाळके लोणावळ्यात राहत होते. पुढे दादरला छपाईचा धंदा थाटला. भागीदारांशी पटेना, तोही सोडला. 1911 साली गिरगावात येशू ख्रिस्तावरचा सिनेमा पाहिला आणि ठरवलं, आपले देव पडद्यावर आणायचे.

पण सिनेमा कसा काढतात हेच ज्याला ठाऊक नाही, तो पैसे कशाच्या भरवशावर देणार? विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून फाळके लंडनला गेले, तंत्र शिकले, कॅमेरा मागवला. मग कुंडीत वाटाणा पेरला आणि तो उगवून वर येईपर्यंत रोज थोडंथोडं चित्रण केलं. महिनाभराची वाढ पडद्यावर क्षणांत झाली. ते पाहून सावकाराची थैली सैल झाली. तरी पुरेना. तेव्हा सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने उतरवून दिले. एवढ्यावर त्यांची सुटका नव्हती. साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक त्यांचा, फिल्मला भोकं पाडायची तीही त्यांनीच. तारामतीच्या कामाला बाई मिळेना. ग्रँट रोडच्या एका हॉटेलातला आचारी साळुंके लुगडं नेसून उभा राहिला!

'राजा हरिश्चंद्र' 3 मे 1913 रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये लागला. दिलेल्या शब्दाचं देणं फेडायला बायको विकावी लागलेल्या राजाची ती कथा. ती पडद्यावर आणणाऱ्याच्या घरात दागिने उरले नव्हते.

आमच्याकडे जकात ज्या आठ प्रकारच्या लोकांना देता येते, त्यांत कर्जात अडकलेला माणूसही येतो. सिनेमा काढून अडकलेला त्यात बसतो का, हे मौलानांना विचारायचं धाडस मला अजून झालेलं नाही.

"मग फाळक्यांचे पैसे निघाले का?" पोराने विचारलं.

त्या सिनेमाचे निघाले. पुढे नाशिकला कंपनी झाली, पैसा आला आणि गेलाही. 1937 साली 'गंगावतरण' हा शेवटचा सिनेमा आला. 1944 मध्ये नाशिकलाच ते वारले.

त्याने खिशातून खर्चाची वही काढून दाखवली. कॅमेऱ्याचं भाडं, पेट्रोल, चहा, सगळं तारीखवार लिहिलेलं. डब्यांचा रकाना नव्हता.

"आईचं आधी लिही," मी म्हटलं, आणि खजुराची पुडी सोडली.