पोलिओचे दोन थेंब : शंका, उत्तरं आणि आईवडिलांनी लक्षात ठेवायच्या गोष्टी

पल्स पोलिओच्या रविवारी मशिदीच्या माइकवरून ऐलान होतं आणि पुढचे काही दिवस आशा ताई, अंगणवाडी सेविका गल्लीगल्लीत फिरतात. बहुतेक घरांत मूल लगेच पुढे केलं जातं, डाव्या करंगळीवर शाई लागते आणि काम संपतं. काही घरांत मात्र दार अजून अर्धंच उघडतं. "पोलिओ तर संपला ना? मग आमच्या मोहल्ल्यात पुन्हा पुन्हा कशाला येता?" हा प्रश्न रागावून टाळण्यासारखा नाही. त्याचं नीट उत्तर द्यायला हवं.

आजार कसा पसरतो?

पोलिओचा विषाणू तोंडावाटे पोटात जातो, आतड्यात वाढतो आणि शौचावाटे बाहेर पडतो. घाण पाणी, उघडी गटारं, न धुतलेले हात, एवढं त्याला पुरतं. लागण झालेल्या बहुतेक मुलांना काहीच होत नाही किंवा साधा ताप येतो. पण सुमारे २०० मुलांमागे एकाचा पाय किंवा हात कायमचा लुळा पडतो. अशा मुलांपैकी ५ ते १० टक्के मुलं श्वासाचे स्नायू निकामी झाल्यामुळे दगावतात. लकवा झाल्यावर इलाज नाही. जे करायचं ते आधीच करायचं.

देश पोलिओमुक्त, मग थेंब कशाला?

भारतात नैसर्गिक पोलिओ विषाणूचा शेवटचा रुग्ण जानेवारी २०११ मध्ये पश्चिम बंगालमधल्या हावडा जिल्ह्यात सापडला. २७ मार्च २०१४ ला जागतिक आरोग्य संघटनेने भारतासह आपला सगळा विभाग पोलिओमुक्त जाहीर केला. आपल्या महाराष्ट्रालाही हे सहज मिळालेलं नाही. २०१० मध्ये मालेगावात पोलिओचे रुग्ण आढळले होते.

पण पाकिस्तान आणि अफगाणिस्तानात हा विषाणू अजून आहे. शिवाय दुसरा एक धोका आहे. तोंडावाटे देण्याच्या लशीत कमजोर केलेला जिवंत विषाणू असतो. वस्तीतली बरीच मुलं लशीविना राहिली, तर तोच विषाणू महिनोन् महिने एका मुलाकडून दुसऱ्याकडे फिरतो आणि बदलत बदलत पुन्हा जोर धरतो. २०२४ मध्ये गाझात नेमकं हेच झालं. युद्धात लसीकरण कोलमडलं आणि २५ वर्षांनंतर तिथे एका तान्ह्या मुलाला पोलिओचा लकवा झाला. मग लढाई काही तास थांबवून तिथल्या आईबापांनी लेकरं लशीसाठी आणली. पहिल्या फेरीत साडेपाच लाखांहून जास्त मुलांना थेंब मिळाले. बॉम्बच्या छायेतही ते रांगेत उभे राहिले, आपल्याला फक्त दार उघडायचं आहे.

नसबंदीची अफवा

"या थेंबांनी पुढे मूल होत नाही" ही अफवा जुनी आहे. तिचं उत्तर आपल्या घरातच आहे. १९९५ मध्ये पल्स पोलिओ सुरू झालं, तेव्हा ज्यांना थेंब मिळाले ती मुलं आज स्वतः अब्बा-अम्मी आहेत आणि आपली लेकरं बूथवर आणत आहेत.

या अफवेची किंमत मुसलमानांनीच मोजली आहे. २००३ मध्ये नायजेरियाच्या कानो प्रांतात याच संशयावरून लसीकरण थांबलं. पुढच्या वर्षी ते सुरू होईपर्यंत तिथला विषाणू बाहेर पडला होता. सुदान, येमेन, इंडोनेशियापर्यंत तो पोहोचला आणि ज्यांचा त्या वादाशी काही संबंध नव्हता अशी मुलं लुळी झाली.

दीनच्या बाजूने

लशीतल्या घटकांबद्दल शंका असेल तर आपल्या इमामसाहेबांना जरूर विचारा. अल-अझहर आणि आंतरराष्ट्रीय इस्लामी फिक्ह अकादमीसारख्या संस्थांनी पोलिओ लशीला खुला पाठिंबा दिला आहे. हजच्या प्रवाशांनाही पोलिओचे थेंब दिले जातात. उत्तर प्रदेशात संशय सर्वात जास्त होता, तेव्हा अलिगढ मुस्लिम विद्यापीठ, जामिया मिल्लिया आणि जामिया हमदर्दची माणसं उलेमांबरोबर घरोघर गेली. तवक्कुल करायचा, पण आपल्या हातात आहे ते करून मग.

कोणता डोस कधी?

थेंब : जन्मल्यावर लगेच (उशिरात उशिरा १५ दिवसांत), मग ६, १० आणि १४ आठवड्यांनी, आणि बूस्टर १६ ते २४ महिन्यांच्या दरम्यान.

इंजेक्शन : ६ आठवडे, १४ आठवडे आणि ९ महिने. तिसरा डोस २०२३ पासून सुरू झाला, त्यामुळे मोठ्या मुलांच्या वेळचा अनुभव धरून चालू नका.

थेंब आतड्यात संरक्षण देतात, इंजेक्शन रक्तात. २०१६ पासून थेंबांमध्ये टाइप २ विषाणू नसतो, त्याच्यापासूनचं संरक्षण इंजेक्शनमधूनच मिळतं. म्हणून दोन्ही हवेत. पल्स पोलिओचे थेंब हे यावर जादा आहेत. नेहमीचे सगळे डोस झाले असले तरी पाच वर्षांपर्यंतच्या प्रत्येक मुलाला ते द्यायचे. जास्त वेळा दिल्याने नुकसान होत नाही. सरकारी केंद्रात हे सगळं मोफत आहे.

दारात टीम आली की

• थेंबांची बाटली बघायला मागा, तो तुमचा हक्क आहे. २०२१ मध्ये यवतमाळ जिल्ह्यात १२ मुलांना थेंबांऐवजी सॅनिटायझर पाजलं गेलं होतं, त्यामुळे नजर टाकण्यात गैर काही नाही.

• बाटलीवर गोलाच्या आत एक चौकोन असतो. चौकोन गोलापेक्षा फिका असेल तर लस चांगली. दोन्ही सारखे गडद झाले असतील किंवा चौकोन जास्त गडद असेल, तर दुसरी बाटली मागा.

• सर्दी, हलका ताप, जुलाब असले तरी थेंब चालतात. थेंबांनंतर लगेच दूध पाजलं तरी चालतं. मुलाला प्रतिकारशक्तीचा गंभीर आजार असेल तर आधी डॉक्टरांना सांगा.

• शादीला, ईदला पाहुणे आले असतील तर त्यांच्या मुलांनाही पुढे करा. ती त्यांच्या गावच्या यादीतून सुटलेली असतात.

• १५ वर्षांखालच्या मुलाचा हात किंवा पाय अचानक ढिला पडला, तर त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात न्या. शौचाचे दोन नमुने तपासले जातात. हे लपवू नका.

शेवटी तक्रारीचं. "गटार तुंबलंय, नळाला पाणी नाही, आणि तुम्ही थेंब घेऊन येता," असं लोक म्हणतात तेव्हा ते खरंच असतं. स्वच्छ पाणी आणि गटार हा आपला हक्क आहे. त्यासाठी नगरसेवकाला जाब विचारा, अर्ज करा, मोर्चा काढा. पण त्या रागाची शिक्षा आपल्या लेकराच्या पायांना देऊ नका. गटार उघडं आहे म्हणूनच आपल्या मोहल्ल्यातल्या मुलाला या थेंबांची गरज जास्त आहे.